रशियनमध्ये धमकावतो

एकवीस वर्षं मी सिंगापुरात एसीत बसून रशियन माणसं मारली. कुणाला गच्चीवरून ढकललं, कुणाला पाणबुडीत बुडवलं, एका जनरलला तर त्याच्या स्वतःच्या वाढदिवसाच्या केकमधून विष दिलं. प्रत्यक्ष मारायचं काम अर्थातच मालिकेतला नायक करायचा. मरण्याआधी ते काय बोलले, तेवढं मी मराठीत लिहायची.

पडद्याच्या तळाशी पांढरी अक्षरं येतात ना, ती लिहिणारी बाई म्हणजे मी. लोकांना वाटतं ती यंत्रातून आपोआप पडतात. आमच्या टॅम्पिनीस भागातल्या हळदीकुंकवात एका बाईंनी विचारलं होतं, की म्हणजे तुम्ही दिवसभर नुसत्या मालिकाच बघता? मी म्हटलं हो, आणि त्याचा पगारही घेते. त्यानंतर वर्षभर त्या माझ्याशी नीट बोलल्या नाहीत.

काम दिसतं तेवढं सोपं नाही. माणूस बोलतो भराभर आणि वाचणारा वाचतो सावकाश. जागा दोनच ओळींची, वेळ दोन-तीन सेकंदांची. पंधरा शब्दांचं बोलणं सहा शब्दांत बसवायचं आणि तरी ते त्या माणसाच्या तोंडचंच वाटलं पाहिजे. दूध आटवावं तसं आटवत बसायचं, आणि खाली लागू द्यायचं नाही. हे मला जमायचं, आणि जमतं म्हणून मी नाकाने कांदेही सोलायची. नवे लोक 'मी तुला सोडणार नाही' लिहायचे, मी 'बघतोच तुला' लिहून तीन अक्षरं वाचवायची आणि वर त्यांना सुनावायची.

आता एक नियम सांगते, कारण सगळं त्याच्यावर आहे. इंग्रजी मालिकेत मधेच कुणी तिसऱ्या भाषेत बोललं, तर त्याचं भाषांतर करायचं नाही. आमच्याकडे येणाऱ्या कागदावर तिथे संवाद दिलेलाच नसतो. मालिका लिहिणाऱ्यानेच नुसतं लिहिलेलं असतं, 'रशियनमध्ये बोलतो', बस. आम्ही चौकटी कंस टाकून तेच मराठीत लिहायचं आणि पुढे सरकायचं.

इथे मी माझी हुशारी केली. 'बोलतो' म्हणजे काय? तो जेवलास का विचारतोय की गळा दाबीन म्हणतोय, बघणाऱ्याला कळायला नको? मग मी 'रशियनमध्ये धमकावतो' लिहायला लागले. 'रशियनमध्ये खेकसतो.' 'रशियनमध्ये दातओठ खात बोलतो.' चेहरा बघायचा, मागचं संगीत ऐकायचं आणि क्रियापद निवडायचं. रशियनचं एक अक्षर मला कळत नव्हतं, पण संगीत कळत होतं. आमचा साहेब टॅन खूश झाला. त्याने ते नियम करून हिंदी आणि तमिळवाल्यांनाही लावून दिलं, पुढे चॅनलनेही तेच उचललं. उचलली जीभ माझी, टाळ्याला सगळ्यांनी लावली.

रशियन ओळखायला सोपे. गालावर व्रण, गळ्यापर्यंत बटणं, तळघरात निळा उजेड. बुद्धिबळाचा पट असतोच, आणि सोंगटी उचलली की इकडे कुणी तरी मरतं. बायका असतील तर उंच, आणि हसल्या तर समजायचं चहात काही तरी आहे. मधली काही वर्षं ते मागे पडले, दाढीवाले शत्रू आले, त्यांत आपल्यासारखी नावं असलेलेही आले. तेव्हा मात्र मी तणतणायची, की आपल्या लोकांना हे असं दाखवतात, लाज नाही वाटत? आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं. मग रशियन परत आले, या वेळी पिस्तुलाऐवजी कॉम्प्युटर घेऊन. व्रण तोच.

त्यांच्यासाठी माझ्याकडे एक फाइल होती. तिचं नाव मी 'बरणी' ठेवलं होतं. मूळ आवाज काढून हिंदी आवाज चढवायचे, म्हणजे डबिंग करायचं असलं की तिच्यातून तयार वाक्यं काढायची. "मॉस्को कुछ नहीं भूलता." "दर्द तो अभी शुरू हुआ है." तोंडाच्या हालचालीत बसेल ते घालायचं. ओठ किती वेळ हलतात एवढंच बघायचं. तो खरं काय बोलतोय याच्याशी मला काही देणंघेणं नव्हतं.

आणि हे करणारी मी कोण? जिला लहानपणी पुण्यात वडिलांनी रशियात छापलेली मराठी पुस्तकं आणून दिली होती ती. जाड गुळगुळीत कागद, बर्फातली अस्वलं, लाल टोप्यांच्या मुली. आमच्या पिढीतल्या कितीतरी घरांत ती होती. माझा नवरा श्रीकांत बोटीवर इंजिनियर, त्याने सात वर्षं एका रशियन चीफ इंजिनियरच्या हाताखाली काढली. ते चीफ एकदा आमच्याकडे जेवायला आले आणि जाताना माझं बंद पडलेलं शिवणाचं मशीन उघडून दुरुस्त करून गेले. साबुदाण्याची खिचडी तीनदा मागून घेतली. दुसऱ्या दिवशी ऑफिसला जाऊन मी एका चीफसारख्याच दिसणाऱ्या माणसाच्या तोंडी 'तुझी कातडी सोलीन' घातलं. मनात काही आलंसुद्धा नाही. ते काम होतं आणि हे घर होतं.

वेरा भेटली ती माझ्या नोकरीच्या शेवटच्या वर्षात. तोवर आम्ही शेजारच्या पासिर रिस भागात राहायला आलो होतो. आमच्या इमारतीखालच्या मोकळ्या जागेत एक गोरी म्हातारी मला तीन दिवस दिसत होती, माझ्याहून सहा-सात वर्षांनी मोठी. ती पत्रपेट्यांच्या रांगेशी उभी राहून फोनवर फोटो काढायची. लिफ्टमध्ये तिच्या बोलण्याचा रशियन ढंग कानावर पडला आणि माझ्या मनात पहिला शब्द आला तो 'हेर'. खोटं कशाला सांगू? एकवीस वर्षं दुसऱ्यांना जे खिलवलं, ते माझ्याही पोटात गेलं होतं. चौथ्या दिवशी कळलं की पत्रपेट्यांखाली मांजर व्यायलं होतं.

मग मीच ओळख काढली. वेराची मुलगी इथे नोकरीला, जावई इथला. वेरा मुलीकडे राहायची आणि आपण कुठल्या हे चटकन सांगायची नाही. विचारलं तर म्हणायची, लांब, उत्तरेकडची. तिकडे युद्ध चाललेलं, बातम्यांत रोज माणसं मरत होती. त्या खऱ्या मरणांबद्दल बोलायचा मला अधिकार नाही. पण ही बाई मांजरीला मासे घालत होती आणि स्वतःच्या गावाचं नाव घ्यायला घाबरत होती, एवढं मी पाहिलं.

मी काय काम करते ते एकदा मी तिला सांगितलं. दुसऱ्या दिवशी ती एक जुनी शाळेची वही घेऊन आली आणि दगडी टेबलाशी बसून तिने सगळं सांगितलं.

तिला एक मोठा भाऊ होता, कोस्त्या. तो तिला लाडाने वेर्का म्हणायचा. तो मालवाहू जहाजावर होता. चाळीसएक वर्षांपूर्वी पश्चिमेकडच्या एका बंदरात तो उतरला आणि परत चढलाच नाही. त्या काळी हा गुन्हा, आणि शिक्षा घरच्यांना. वेराचं कॉलेज सुटलं. त्यांच्याकडे हिवाळ्यात खिडक्यांच्या फटी बुजवून टाकतात, फक्त वर हातभर झडप उघडता येते. कोस्त्या लहानपणापासून अंगणातून शीळ घालायचा आणि आई त्या झडपेतून किल्ली खाली टाकायची. तो पळाल्यावर आई भर हिवाळ्यात झडप उघडी ठेवून बसायची, शीळ ऐकू यावी म्हणून. तिला खोकला धरला, तो सुटेना. वेराचा तोल गेला. तिने त्याच्या जुन्या जहाजावरच्या एका खलाशाबरोबर लपवून चिठ्ठी पाठवली. तुझ्यापायी आई गारठून मरतेय, माझं आयुष्य गेलं, आम्हाला तू मेलास. तीन आठवड्यांनी आई गेली. चिठ्ठी पोचली की नाही, ते वेराला कधीच कळलं नाही.

कोस्त्या तिकडे टॅक्सी चालवायचा. जबडा रुंद होता म्हणून मालिकांत त्याला कामं मिळायची, अर्थातच रशियन गुंडाची. त्याच्या मरणानंतर त्याच्याबरोबर राहणाऱ्या बाईने ही वही वेराला पाठवली. वहीत मालिकांची नावं आणि भागांचे आकडे होते, आणि वर एक ओळ. वेराने ती मला इंग्रजीत करून सांगितली. घरी पत्र लिहिलं तर तुम्हाला त्रास होईल. इथे कॅमेऱ्यासमोर उभं करून म्हणतात, रशियनमध्ये काहीही बोल, फक्त रागाने बोल, कुणाला कळत नाही. म्हणून मी बोलतो.

प्रत्येक नावापुढे त्याने लिहिलं होतं, 'आईला'. 'आईला'. 'वेराला'. तिने इंटरनेटवर शोधून शोधून बहुतेक सगळे भाग बघितले होते. एकात नायकाच्या छातीवर पाय ठेवून तो आईला सांगत होता की दाढ काढली, आता दुखत नाही. एकात विमानाच्या दारातून कुणाला तरी ढकलताना वेराला वाढदिवसाच्या शुभेच्छा देत होता. फक्त शेवटचं नाव मूळ आवाजात मिळत नव्हतं. त्यापुढे लिहिलं होतं, 'वेराला. उत्तर.'

तो भाग तिला एकाच ठिकाणी मिळाला होता. तिने फोन पुढे केला. तळघर, निळा उजेड, खुर्चीला बांधलेला नायक, आणि पिस्तूल रोखलेला रुंद जबड्याचा माणूस. त्याने तोंड उघडलं आणि आतून हिंदी बाहेर आलं. "मॉस्को कुछ नहीं भूलता."

ती म्हणाली, "हा त्याचा आवाज नाही."

ते वाक्य माझं होतं. त्या जुन्या मालिकेत चार वर्षांपूर्वी एका गुरुवारी, डबा खाता खाता बरणीतून काढून घातलेलं. बहिणीला दिलेलं उत्तर मी पुसलं होतं आणि त्या जागी हे चिकटवलं होतं. काय म्हणून सांगणार? मी फक्त विचारलं की मूळ आवाजातलं शोधू का. ती म्हणाली, त्याच्यासाठीच आले.

मूळ आवाज आणि खाली मराठी अक्षरं, अशीही एक आवृत्ती आम्ही केली होती, पण मालिका दाखवायचा करार संपल्यामुळे ती कुठेच दिसत नव्हती. आमच्या स्टुडिओच्या साठ्यात मात्र कामाची प्रत होती. बाहेरच्या कुणाला ती दाखवायला सक्त मनाई. टॅन पहिल्यांदा "कॅनॉट ला, आंटी" म्हणाला, म्हणजे जमणार नाही, आणि दार लावून बसला. मी दारातच उभी राहून त्याला सगळं सांगितलं. त्याने कीबोर्डवरची धूळ पुसली. मग म्हणाला, रशियन भाषेची तपासनीस म्हणून एका शनिवारी तिला बोलावता येईल, पण गुप्ततेच्या कागदावर सही करावी लागेल. म्हणजे सख्ख्या भावाने काय सांगितलं ते कुणाला सांगणार नाही, अशी सही त्या बाईने केली आणि मग आत आली. मालिकेचं नाव मी इथे देत नाही, ते त्या कागदापायीच.

ती निळा कोट घालून आली होती, सिंगापुरात. स्टुडिओत थंडी असते असं मीच तिला सांगितलं होतं. मी प्रत लावली. तेच तळघर, तेच पिस्तूल. कोस्त्या बोलायला लागला. वीसएक सेकंदं, खालच्या घोगऱ्या आवाजात, आणि मागे ढोल वाजत होते. पुन्हा लाव, असं वेराने बोटानेच सांगितलं. मी पुन्हा लावलं. तिसऱ्यांदा लावल्यावर तिने पडद्याच्या तळाशी बोट ठेवलं.

"हे खाली तुझ्या भाषेत काय लिहिलंय?"

खोटं बोलता आलं असतं. तिला थोडंच वाचता येणार होतं? पण जीभ उचलेना.

"रशियनमध्ये धमकावतो."

"कुणाला?" तिने विचारलं.

ती रागावली असती तर बरं झालं असतं. ती खरंच विचारत होती.

मग तिने तो काय बोलला ते एकेक वाक्य थांबवून सांगितलं आणि मी लिहून घेतलं. चिठ्ठी पोचली होती. त्याने ती वाचली होती. सांगून झाल्यावर ती मालिकेच्या शेवटची नामावली दाखव म्हणाली. तिथे मालिका बनल्याचं वर्ष होतं. ते बघितल्यावर तिने कोटाची सगळी बटणं लावली आणि अगदी शांतपणे म्हणाली, की तेव्हा आईला जाऊन दोन वर्षं झाली होती. त्याला कुणी कळवलं नव्हतं. "कळवणारी मीच होते," ती म्हणाली, "मी कळवलं नाही."

टॅन दारात उभा होता. तो जाऊन गरम पाणी घेऊन आला.

त्या दुपारी मी आयुष्यातलं सगळ्यात अवघड काम केलं. वेराला शेजारी बसवून त्या वीस सेकंदांत कोस्त्याचं बोलणं मराठीत बसवलं. दोन ओळी, तीन वेळा. एक शब्द गाळायचा तरी तिला विचारून गाळायचा. 'सगळं' हा शब्द ती मला काढू देईना, म्हणून मी 'पत्र मला मिळालं' यातलं 'मला' काढलं. एकवीस वर्षांत पहिल्यांदाच तिसऱ्या भाषेतल्या माणसाच्या तोंडाखाली कंस नव्हते. टॅनने फाइल 'चूकदुरुस्ती' म्हणून चॅनलकडे पाठवली. महिन्याभराने मी निवृत्त झाले, आणि खरं सांगते, मनात म्हटलं, चला, जाता जाता एक तरी पाप फेडलं.

या वर्षी नव्याने करार झाला आणि मालिका परत आली, मूळ आवाजात, मराठी अक्षरांसकट. मी वेराला घरी बोलावलं. श्रीकांतने खुर्च्या टीव्हीपुढे ओढल्या, मी खिचडी केली. तळघर आलं, निळा उजेड आला, कोस्त्याने पिस्तूल रोखून तोंड उघडलं, आणि खाली अक्षरं उमटली.

रशियनमध्ये धमकावतो.

वेराला नाही, पण श्रीकांतला मराठी वाचता येतं, तो माझ्याकडे बघायला लागला. मी उठून तिथूनच टॅनला फोन लावला. त्याने शोधून चॅनलच्या तपासनिसाचा शेरा पाठवला. 'पात्र खलनायक आहे. दुरुस्त ओळी प्रसंगाशी विसंगत. जुनी ओळ कायम ठेवावी.' पुढे नियमाचा हवाला होता. तो नियम मीच केलेला, माझ्याच क्रियापदांचा. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. मी त्या तपासनिसाला चार शिव्या घातल्या, मराठीत, आणि मग लक्षात आलं की त्याच्या जागी मी असते तर हाच शेरा लिहिला असता, कदाचित अजून टोचून.

वेराला काय झालं ते सांगावं लागलं. ती म्हणाली, जाऊ दे, तो तर बोलतोय ना. मग तिने विचारलं की ही खालची अक्षरं घालवता येतात का. मी तिच्या हातात रिमोट दिला आणि बटण दाखवलं. दुसऱ्या दिवशी फोनवरही दाखवलं. जन्मभर अक्षरं लिहिणारी बाई शेवटी अक्षरं बंद करायला शिकवत होती. आता दर रविवारी ती खाली मांजरींपाशी बसून ती वीस सेकंदं ऐकते. अक्षरं बंद करून.

गुप्ततेच्या कागदावर सही वेराची आहे, आणि माझी नोकरी संपली आहे. तिला विचारूनच हे लिहिते आहे. ती म्हणाली, तुझ्या भाषेत कुठे तरी लिहिलेलं राहू दे.

तेव्हा कधी टीव्हीवर तो दिसला, रुंद जबड्याचा, निळ्या उजेडात पिस्तूल रोखून उभा असलेला, आणि खाली कंसात ते दोन शब्द आले, तर ते माझे आहेत आणि खोटे आहेत, हे लक्षात ठेवा. खरं हे आहे. दोन ओळी, तीन वेळा.

वेर्का, पत्र मिळालं.
तू लिहिलंस ते सगळं खरं आहे.

मला येता येणार नाही.
आता शीळ ऐकू येणार नाही.

आईला सांग, वरची झडप लावून घे.
गार वारं येतंय.